तारीख, अंतर आणि घर
पती-पत्नीमधील मालमत्तेचे वाद व न्यायालयातील विलंब

(दोहा येथे संघटनेच्या वार्षिक कौटुंबिक मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



आनंदाच्या या मेळाव्यात कोर्टकचेरीचा विषय काढावा काय, असा विचार माझ्याही मनात येऊन गेला. परंतु आपल्या पदाधिकाऱ्यांनी मला विषय सुचविताना एकच वाक्य सांगितले, "वकीलसाहेब, हा प्रश्न आता आमच्या घरापर्यंत आला आहे." ज्या समाजाची एक पिढी उपाशी राहिली, त्या समाजाच्या दुसऱ्या पिढीने आखातात येऊन चार पैसे मिळविले, गावाकडे प्लॉट घेतले, घरे बांधली, मुलीच्या अंगावर दोन दागिने घातले. मालमत्ता आली तशी मालमत्तेची भांडणेही आली. त्यात लाजण्यासारखे काही नाही. लाजिरवाणी गोष्ट असेल तर ती एवढीच की, असे भांडण वर्षानुवर्षे लोंबकळत ठेवणे हाच आपल्यापैकी काहींनी लढण्याचा मार्ग मानला आहे.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, अशी आपल्याकडे म्हण आहे. ज्यांच्या हाती गावाची सत्ता होती त्यांना ती म्हण परवडत होती. आपल्याला न्यायालयाखेरीज दुसरे दार कोणते होते? महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह १९२७ साली झाला. त्याच वर्षी सनातन्यांनी बाबासाहेबांवर व त्यांच्या सहकाऱ्यांवर दिवाणी दावा लावला. त्या दाव्याचा अखेरचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाने दिला तो १७ मार्च १९३७ रोजी. तळ्याच्या पाण्यासाठी दहा वर्षे! न्यायाला उशीर होतो म्हणजे काय होते, हे आपल्या समाजाला कोणी शिकविण्याची गरज नाही. फरक इतकाच की, त्या दहा वर्षांचा भार सबंध समाजाने मिळून वाहिला. पती-पत्नीच्या दाव्यातील दहा वर्षांचा भार मात्र एकच माणूस एकट्याने वाहतो, आणि बहुतेक वेळा ते माणूस बाई असते.

माझी कबुली

कायद्याची कलमे सांगण्यापूर्वी मी एक कबुली देतो. नावे व ओळखीच्या खुणा मी अर्थातच सांगणार नाही.

सुमारे वीस वर्षांपूर्वी विदर्भातील एका कौटुंबिक न्यायालयात मी आखातात नोकरी करणाऱ्या एका गृहस्थाचा वकील होतो. आपल्याच समाजातले कुटुंब. शहराबाहेरच्या एका ले-आउटमध्ये नवऱ्याच्या नावावर प्लॉट होता. नवऱ्याने पैसे पाठविले आणि बायकोने घर उभे केले. विटा, रेती, सिमेंट तिने आणले. मिस्त्रीशी हुज्जत तिने घातली. सकाळ-संध्याकाळ भिंतींना पाणी तिने मारले. स्लॅब टाकण्याच्या वेळी पैसे कमी पडले, तेव्हा माहेरच्या पाटल्या आणि एकदाणी तिने मोडली. पुढे दोघांचे बिनसले. घरात दिरांचे बिऱ्हाड आले आणि ती तिसरीतल्या मुलीला घेऊन भाड्याच्या खोलीत गेली. तिने घरातील हिस्सा आणि मोडलेल्या दागिन्यांची किंमत मागणारा दावा लावला.

त्या दाव्यात मी तारखा घेतल्या. 'पक्षकार परदेशात आहे', 'रजा मंजूर झाली नाही', 'मुखत्यारपत्र अद्याप पोहोचले नाही', 'पुढील महिन्यात पक्षकार येणार आहे'. प्रत्येक कारण त्या त्या दिवशी खरे होते किंवा खऱ्यासारखे होते. एके दिवशी न्यायालयाच्या व्हरांड्यात ती बाई माझ्यासमोर उभी राहिली आणि शांतपणे म्हणाली, "वकीलसाहेब, तारीख तुम्ही मागता, भाडं मी भरते."

बंधूंनो, माझ्या वकिलीच्या उभ्या आयुष्यात इतका नेमका युक्तिवाद मी दुसऱ्या कोणाकडून ऐकला नाही. विलंब कधी तटस्थ नसतो. घर ज्याच्या ताब्यात आहे त्याची तो चाकरी करतो आणि जो घराबाहेर आहे त्याच्याकडून दर महिन्याला वसुली करतो. आज मला आपल्यासमोर मांडायचे आहे ते एवढेच. बाकीचे सारे विवेचन या एका वाक्यासाठी आहे.

कायद्याने कोणाचे काय?

प्रथम एक गैरसमज दूर करू. बौद्ध धम्म स्वीकारल्यानंतर 'हिंदू विवाह कायदा' आपल्याला लागू होत नाही, असे अनेकांना वाटते. १९५५ च्या त्या कायद्याच्या कलम २ नुसार तो बौद्ध, जैन व शीख यांनाही लागू आहे. नावाचा वाद मी आज काढत नाही. पण त्या कायद्याच्या मुळाशी असलेले हिंदू कोड बिल बाबासाहेबांनी मांडले होते, आणि ते रखडविले गेले म्हणून सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला, याचा आपल्याला विसर पडू नये. स्त्रीच्या हक्कात झालेली दिरंगाई हे मंत्रिपद सोडण्याइतके मोठे कारण त्यांनी मानले होते.

भारतात, गोवा वगळता, लग्न झाले म्हणून पती-पत्नीची मालमत्ता आपोआप सामाईक होत नाही. गोव्यात १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेपासून चालत आलेल्या पद्धतीनुसार, वेगळा करार नसेल तर दोघांच्या मालमत्तेत प्रत्येकाचा अर्धा वाटा धरला जातो. महाराष्ट्रात तसे नाही. ज्याच्या नावाचा कागद त्याची मालमत्ता, ही येथली सुरुवात आहे. पत्नीला पतीच्या मालमत्तेत वाटा देण्याची तरतूद असलेले एक विधेयक ऑगस्ट २०१३ मध्ये राज्यसभेत संमत झाले. पण लोकसभेत ते पुढे गेले नाही आणि व्यपगत झाले. म्हणून आपल्या त्या भगिनीला, 'घर माझ्या श्रमाचे आहे' एवढे सांगून भागत नव्हते. तिला पुरावा द्यावा लागत होता, आणि पुरावा ही काळाबरोबर झिजणारी वस्तू आहे.

स्त्रीधनाची गोष्ट निराळी आहे. लग्नाच्या आधी, लग्नात वा नंतर स्त्रीला मिळालेले दागिने, वस्तू व पैसे तिचे एकटीचे असतात. १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पतीजवळ ठेवलेले स्त्रीधन ही विश्वासाने सोपविलेली ठेव आहे. ती त्याने गिळंकृत केली तर तो फौजदारी अपराधही ठरू शकतो. याखेरीज हिंदू विवाह कायद्याच्या कलम २७ खाली, विवाहाच्या निमित्ताने मिळालेल्या आणि दोघांच्या सामाईक असलेल्या वस्तूंचा निवाडा न्यायालय विवाहाच्या खटल्यातच करू शकते.

हे सारे वाद एका छताखाली यावेत म्हणून १९८४ साली कौटुंबिक न्यायालयांचा कायदा झाला, आणि महाराष्ट्रात १९८९ मध्ये पुणे व मुंबई येथे अशी न्यायालये सुरू झाली. त्या कायद्याच्या कलम ७ ने पती-पत्नीमधील मालमत्तेचे दावे याच न्यायालयाकडे सोपविले. घटस्फोट झाल्यानंतरही अशा दाव्याची सुनावणी कौटुंबिक न्यायालय करू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये स्पष्ट केले. समुपदेशकाने आधी समेटाचा प्रयत्न करावा, पुराव्याच्या तांत्रिक नियमांत न्याय अडकू नये, अशी या न्यायालयांची कल्पना होती. कल्पना चांगली होती. पण तारीख तेथेही गेलीच.

विलंब कोठे शिरतो?

दावा चार ठिकाणी अडतो आणि पक्षकार परदेशात असला की प्रत्येक ठिकाणी त्याचे अंतर चौपट होते. पहिले ठिकाण समन्सची बजावणी. गावाकडच्या पत्त्यावर गेलेले समन्स 'राहत नाही' असा शेरा घेऊन परत येते आणि येथला पत्ता पत्नीला कोणी सांगत नाही. दुसरे ठिकाण कैफियत व उत्पन्नाचे शपथपत्र. तिसरे साक्ष व उलटतपासणी. चौथे, आणि सर्वांत निर्दय, निकालानंतरची दरखास्त. हुकूमनामा हाती असूनही घराची किल्ली हाती येत नाही, अशी अवस्था त्या वेळी होते.

आपली दिनदर्शिकाही याला हातभार लावते. येथल्या शाळांना सुट्टी जुलै-ऑगस्टमध्ये, तेव्हाच आपण कुटुंबासह गावी जातो. न्यायालयाची मोठी सुट्टी त्याआधी, उन्हाळ्यात, आणि दुसरी दिवाळीत. महिन्याच्या रजेत एखादी तारीख लागली आणि त्या दिवशी न्यायाधीश रजेवर असले की वर्ष गेले. हे खरे आहे. परंतु तेवढेच खरे आहे काय? पूर्वी कतारमधून बाहेर पडण्यासाठी मालकाचा परवाना लागत असे. 'परवाना मिळाला नाही' हे सबळ कारण होते. २०१८ च्या कायद्याने बहुतेक कामगारांसाठी ती अट गेली आणि जानेवारी २०२० मध्ये घरकामगारांसारख्या उरलेल्या बहुतेकांचीही सुटका झाली. कारण संपले, सवय उरली.

न्यायालय विलंबाकडे कसे पाहते?

येथे दोन वेगळ्या प्रकारचे विलंब ओळखले पाहिजेत. एक, दावा आणण्यास लागलेला उशीर. दुसरा, आणलेला दावा लांबविण्याचा उशीर. अलीकडच्या निकालांचा एकंदर रोख असा की, पहिल्या प्रकारात अन्याय सोसणाऱ्या स्त्रीला तांत्रिक मुदतीपायी परत पाठवू नये, आणि दुसऱ्या प्रकारात लांबविणाऱ्याची गय करू नये.

पहिल्या प्रकाराचे उत्तम उदाहरण नोव्हेंबर २०१५ चे आहे. त्रिपुरातील एका स्त्रीने न्यायिक फारकतीनंतर काही काळाने आपले स्त्रीधन परत मागितले. 'मुदत गेली' असे सांगून खालच्या न्यायालयांनी तिला परत पाठविले. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. स्त्रीधन जोवर पतीच्या ताब्यात आहे तोवर तिच्यावरील अन्याय रोज नव्याने घडत आहे. फारकतीने विवाह संपत नाही आणि तिचा हक्कही संपत नाही, असे त्या निकालाचे तात्पर्य. पुढे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असेही ठरविले की, कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १२ खालील अर्जाला फौजदारी प्रक्रियेतील एका वर्षाची मुदत लागू होत नाही. उशीर झाला म्हणून गप्प बसलेल्या भगिनींनी ही दोन वर्षे, २०१५ आणि २०२२, लक्षात ठेवावीत.

मात्र सर्वच ठिकाणी अशी सवलत नाही. मालमत्तेच्या साध्या दिवाणी दाव्यांना १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील मुदती आहेत व त्यांपैकी अनेक अवघ्या तीन वर्षांच्या आहेत. थकलेली पोटगी वॉरंट काढून वसूल करायची तर रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. जुन्या फौजदारी संहितेच्या कलम १२५ मध्ये हा नियम होता आणि जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितेच्या कलम १४४ मध्येही तो आहे. अपिलाची मुदत तीस दिवस की नव्वद, असा गोंधळ दोन कायद्यांमुळे बरीच वर्षे होता. हिंदू विवाह कायद्याखालील निकालांपुरती ती नव्वद दिवस धरावी, असा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये दिला. मुदत उलटली तर विलंब माफीचा अर्ज करता येतो, पण पुरेसे कारण दाखवावे लागते. 'मी परदेशात होतो' एवढे एकच वाक्य पुरेसे कारण ठरेल, अशा भ्रमात कोणी राहू नये.

आता दुसरा प्रकार. संसदेने मुदती घातल्या नाहीत असे नाही. विवाहाचा खटला नोटीस बजावल्यापासून सहा महिन्यांत संपविण्याचा प्रयत्न करावा, असे हिंदू विवाह कायद्याचे कलम २१-ब १९७६ पासून सांगते. अंतरिम पोटगीचा अर्ज शक्यतो साठ दिवसांत निकालात काढावा, अशी भर २००१ मध्ये पडली. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्यातही साठ दिवस आहेत. पण या सर्व कलमांत 'शक्यतो' आणि 'प्रयत्न करावा' असे शब्द आहेत, आणि त्या एका शब्दाच्या फटीतून वर्षे निसटतात. पोटगीचा एक अर्ज नऊ वर्षे पडून राहिल्याचे पाहून २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला कौटुंबिक न्यायालयांची कानउघाडणी करावी लागली, आणि त्या स्त्रीला अर्जाच्या तारखेपासून पोटगी मिळाली.

यापुढचे महत्त्वाचे पाऊल आपल्या नागपुरातून उगवले. तेथील कौटुंबिक न्यायालयाने २०१५ मध्ये एका पत्नीस व मुलास अंतरिम पोटगी दिली. ती रक्कम पतीने वर्षानुवर्षे अडवून धरली. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठातून प्रकरण दिल्लीला गेले, आणि ४ नोव्हेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने देशातील सर्व न्यायालयांसाठी नियम घालून दिले. दोन्ही पक्षांनी आपली मिळकत, मालमत्ता व देणी शपथपत्रावर सांगावीत. उत्तराचे शपथपत्र चार आठवड्यांत यावे. त्यासाठी दोनपेक्षा अधिक संधी देऊ नयेत. मुद्दाम टाळाटाळ करणाऱ्याचा बचाव काढून टाकण्याचाही विचार न्यायालयाने करावा. अंतरिम अर्ज चार ते सहा महिन्यांत निकालात निघावा. आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी.

या शेवटच्या वाक्याचे मोल आपण ओळखा. पोटगी निकालाच्या तारखेपासून मिळत असेल तर प्रत्येक तहकुबी पतीच्या पैशांची बचत करते. ती अर्जाच्या तारखेपासून मिळू लागली की तारीख मागणाऱ्याचे देणे वाढत जाते. 'तारीख तुम्ही मागता, भाडं मी भरते' या तक्रारीला कायद्याने दिलेले हे उत्तर आहे. त्या शपथपत्रात परदेशी राहणाऱ्या जोडीदारासाठी स्वतंत्र रकानेही आहेत: तेथील नोकरी, तेथील चलनातील उत्पन्न, मालकाचे पत्र किंवा बँकेचा उतारा. कतारमध्ये २०१५ पासून पगार बँकेतून देण्याची सक्ती आहे. तेव्हा 'माझा पगार किती हे सांगता येत नाही' असे म्हणणे आता टिकणारे नाही.

तरीही मी आपल्याला खोटी आशा दाखविणार नाही. केरळमधील एका पत्नीचे, लग्नात मिळालेल्या ८९ पवन सोन्याचे प्रकरण पाहा. लग्न २००३ चे. कौटुंबिक न्यायालयाने २०११ मध्ये तिच्या बाजूने निकाल दिला, उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये तो फिरविला, आणि एप्रिल २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला पंचवीस लाख रुपये मिळवून दिले. न्याय मिळाला, पण सोने घालण्याचे वय निघून गेले.

अंतराचे निमित्त आणि अंतरावरचे उपाय

'मी येऊ शकत नाही' या सबबीवर उपाय कोणते? साक्ष दृक्श्राव्य माध्यमातून घेता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातीलच एका खटल्यात २००३ मध्ये मान्य केले. कौटुंबिक प्रकरणांत मात्र ऑक्टोबर २०१७ च्या निकालाने मर्यादा घातली: समेटाची बोलणी समोरासमोर व्हावीत, ती फसल्यानंतर दोघांनी मागणी केल्यास किंवा न्यायालयास योग्य वाटल्यास हे माध्यम वापरावे. २०२० च्या महामारीने या माध्यमाची न्यायालयांना सवय लावली. नागपुरात सकाळचे अकरा वाजतात तेव्हा दोह्यात साडेआठ वाजलेले असतात. अर्ज करून परवानगी मिळाली, तर कामावरून दोन तासांची सवलत घेऊन जे काम होईल, त्यासाठी वर्षभराची तहकुबी मागणे हे आता मनाला पटणारे नाही.

मुखत्यारपत्राबद्दल सावध राहा. येथील भारतीय दूतावासात साक्षांकित केलेले मुखत्यारपत्र चालते. पण ते महाराष्ट्रात पोहोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरावे लागते. दुसरे असे की, मुखत्यार कागदपत्रे दाखल करू शकतो. परंतु जे फक्त तुम्हालाच ठाऊक आहे त्याची साक्ष तो तुमच्या वतीने देऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००४ मध्ये सांगितले आहे. भावाला मुखत्यार नेमून आपण सुटलो, असे समजणाऱ्यांचे दावे साक्षीच्या टप्प्यावर येऊन थांबतात.

परदेशी निकालाचा आडमार्गही कोणी धरू नये. भारतातील जमीन-घराच्या मालकीचा निर्णय भारतातील न्यायालयच देऊ शकते. ज्या कायद्याखाली लग्न झाले त्या कायद्यातील कारणाशिवाय मिळविलेला परदेशी घटस्फोट भारतात मानला जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्येच ठरविले आहे. अशा वाटेने वेळ वाचत नाही, एकाचे दोन खटले होतात.

आणि दावा चालू असताना घर विकले गेले तर? विकत घेणाराही त्या दाव्याच्या निकालाने बांधला जातो, असा मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ चा नियम आहे. पण मुंबईत आणि सरकारने अधिसूचित केलेल्या भागांत, दावा प्रलंबित असल्याची नोटीस निबंधकाकडे नोंदविल्याखेरीज हे संरक्षण मिळत नाही. दावा लावताच वकिलाला हा प्रश्न विचारा. हा एक कागद वेळेवर झाला नाही तर दहा वर्षांनंतरचा निकाल रिकाम्या हाती येतो.

निकालानंतरची दरखास्त सहा महिन्यांत संपवावी, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये दिला आहे. आपल्या दरखास्तीच्या अर्जात त्याचा उल्लेख अवश्य करावा.

पुरुषांचाही प्रश्न आहे

येथे बसलेल्या काही बंधूंच्या मनात आले असेल की, वकीलसाहेब एकाच बाजूने बोलत आहेत. तसे नाही. वीस वर्षे उन्हात राबून पैसे पाठविणाऱ्या आणि परत गेल्यावर घर पत्नीच्या वा मेहुण्याच्या नावावर आढळणाऱ्या माणसाचे दुःखही मी पाहिले आहे. तो बाहेर असतो आणि ताबा दुसऱ्याचा असतो, तेव्हा विलंब त्यालाही तसाच खातो. ज्ञात उत्पन्नातून पत्नीच्या किंवा मुलांच्या नावे घेतलेली मालमत्ता २०१६ च्या दुरुस्तीनंतरही बेनामी ठरत नाही. पण मेहुणा, मित्र यांच्या नावे घेतलेल्या मालमत्तेला हे संरक्षण नाही, आणि तेथे दावा करण्याचा मार्गच बंद होऊ शकतो.

आपण काय करावे?

पहिली गोष्ट, घर दोघांच्या नावावर घ्या. 'विश्वास नाही का?' असे कोणी विचारले तर सांगा की, विश्वास आहे म्हणूनच नाव घालतो आहे. महाराष्ट्रात केवळ स्त्रीच्या नावे घर घेतल्यास एप्रिल २०२१ पासून मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, तिचाही विचार करावा.

दुसरी, लग्नाची नोंदणी करा आणि लग्नात मिळालेल्या दागिन्यांची यादी, पावत्या, छायाचित्रे जपून ठेवा. पाठविलेल्या पैशांचे बँकेचे उतारे दोघांजवळही असू द्या. बांधकामाच्या वेळी दागिने मोडले तर सराफाची पावती आणि कशासाठी मोडले याची चार ओळींची नोंद, दोघांच्या सहीची, करून ठेवा. ही नोंद भांडणासाठी नसते. ती असली की पुष्कळदा भांडण न्यायालयापर्यंत जात नाही.

तिसरी, समेट करायचा असेल तर लवकर करा आणि मालमत्तेसह करा. परस्परसंमतीच्या घटस्फोटातील सहा महिन्यांची थांबण्याची अट योग्य प्रकरणी माफ करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये ठरविले. पण त्यासाठी पोटगी, मुले व मालमत्ता यांचा निकाल दोघांत आधी लागलेला असावा लागतो.

चौथी, गावाकडच्या बहिणींना कळवा की, विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार प्रत्येक स्त्रीला, आणि अनुसूचित जातीच्या प्रत्येक व्यक्तीला, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. १९९० च्या दुरुस्तीनंतर बौद्ध झालेल्या अनुसूचित जातींनाही तो आहे. वकिलाच्या फीपायी दावा न लावता बसणे हाही एक विलंबच आहे.

पाचवी गोष्ट संघटनेसाठी. अशा घरांत आपण मध्यस्थी जरूर करावी. पण जातपंचायत होऊ नये. 'समाजाची अब्रू' म्हणून एखाद्या भगिनीला न्यायालयात जाण्यापासून थोपविणे हे आपले काम नाही. आपले काम उलटे आहे: येथे राहणाऱ्या सभासदाचा खरा पत्ता दडवून ठेवण्यास साहाय्य न करणे, समन्स स्वीकारण्यास व शपथपत्र वेळेवर देण्यास त्याला सांगणे, आणि त्याला येथे अडचण असेल तर ती दूर करणे.

सिगालोवाद सुत्तात तथागतांनी गृहस्थाला पती-पत्नीची परस्पर कर्तव्ये सांगितली आहेत. पतीने पत्नीचा मान राखावा, घरातील अधिकार तिच्या हाती द्यावा, तिला अलंकार द्यावेत. पत्नीने मिळविलेल्या धनाचे रक्षण करावे. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या या उपदेशात घराची किल्ली, दागिने आणि कमाई या तिन्हींचा विचार आहे. न्यायालयात आज जे वाद येतात ते याच तीन गोष्टींचे असतात.

शेवटी त्या भगिनीचे काय झाले, ते सांगतो. दावा नऊ वर्षे चालला. तिच्या बाजूने बोलू शकणारा मिस्त्री मधल्या काळात वारला. सराफाच्या पावतीवरची शाई उडून गेली. निम्म्याहून कमी रकमेवर तडजोड झाली. तिसरीत असलेली मुलगी तोवर बारावी झाली होती. तडजोडीच्या कागदावर सही करताना ती बाई रडली नाही, रागावलीही नाही. तिने फक्त विचारले, "आता तारीख नाही ना?"

त्यानंतर 'पक्षकार परदेशात आहे' एवढ्याच कारणावर मी तारीख मागितली नाही. आपणही आपल्या वकिलाला ते कारण देऊ नका, एवढीच विनंती करतो, आणि माझे भाषण संपवितो.

जयभीम! जय भारत!